दिलीप प्रभावळकर : चिमणराव ते बाबुली मेस्त्री, जरा नीट बोलू या

शिवाजीपार्क_कट्टा (धागाकर्ता)

'दशावतार' (सप्टेंबर २०२५) बघितला तेव्हापासून हा धागा काढायचं मनात होतं. सिनेमाबद्दल इथे भरपूर लिहून झालंय, त्याबद्दल मला बोलायचं नाहीये. मला दिलीप प्रभावळकर या माणसाच्या अख्ख्या कामाबद्दल बोलायचंय, कारण त्यांचा विषय निघाला की आपण सगळे एकच वाक्य बोलतो, 'अरे ओळखूच येत नाही हो', आणि तिथेच थांबतो. कुठलाही लेख उघडा, विग, दाढी, दात, टक्कल, नऊवारी. मला हे त्यांच्यावर अन्याय करणारं वाटतं.

रंगभूषा करणारी माणसं थोर आहेतच. पण प्रभावळकरांची माणसं एकमेकांपासून वेगळी होतात ती बोलण्यातून. डोळे मिटून ऐका. चिमणराव घाबरून वाक्य अर्धवट सोडतो, टिपऱ्यांचे आबा वाक्य पूर्ण करून वर त्याला एक शेपूट जोडतात, 'झपाटलेला'तला तात्या विंचू घशातून खरवडून बोलतो आणि 'लगे रहो मुन्नाभाई'तले बापू तर आवाज चढवतच नाहीत. चारही आवाज एकाच गळ्यातून आलेत हे माहीत नसेल तर सांगता येणार नाही. म्हणजे यांचा कान जबरदस्त आहे. आपण लोकलमध्ये, बँकेच्या रांगेत, लग्नाच्या पंगतीत जी माणसं नुसती ऐकून सोडून देतो ती यांनी साठवून ठेवली असणार असं मला त्यांची कामं बघताना सारखं वाटतं.

नवीन मंडळींसाठी थोडक्यात. जन्म ४ ऑगस्ट १९४४. शिक्षण विज्ञानाचं. त्या काळी मुंबईतले बहुतेक नट नोकरी सांभाळून संध्याकाळी तालमीला जायचे, हेही त्यातलेच. सुरुवात नाटककार रत्नाकर मतकरींकडे, 'अलबत्या गलबत्या'तली चेटकीण यांनी केलेली. मग सत्तरच्या दशकाच्या शेवटी दूरदर्शनवर चिमणराव. १९८२ला 'एक डाव भुताचा', १९९१ला 'चौकट राजा', १९९३ला 'झपाटलेला', रंगभूमीवर 'नातीगोती', 'वासूची सासू', 'हसवाफसवी'. २००१पासून 'श्रीयुत गंगाधर टिपरे', २००६ला बापू. आणि वयाच्या एक्याऐंशीव्या वर्षी कोकणातला दशावतारी कलावंत बाबुली मेस्त्री, तोही एका सिनेमात अनेक रूपं घेणारा.

शिवाय लेखन. 'हसवाफसवी' त्यांनीच लिहिलेलं. 'अनुदिनी' त्यांचं सदर, त्यातून टिपरे आले. 'बोक्या सातबंडे' त्यांचा, क्रिकेटवरचं 'गुगली' त्यांचं. एवढा मोठा पसारा आणि आपण विगवर अडकलोय.

तुम्ही यांचं कुठलं काम प्रत्यक्ष बघितलंय, त्यात नेमकं काय दिसलं, ते लिहा. नुसतं 'ग्रेट' लिहू नका प्लीज, काय ग्रेट ते लिहा.

गिरगावचे_आजोबा

धागा काढलात बरं झालं. चिमणरावबद्दल मी लिहितो कारण ते मी तेव्हाच बघितलंय.

मुंबई दूरदर्शन सुरू झालं २ ऑक्टोबर १९७२ला. चिमणराव लागायचं तेव्हाही आमच्या चाळीत टीव्ही मोजक्याच घरी होते. ज्यांच्याकडे होता त्यांच्या दाराबाहेर चपलांचा ढीग, आत पोरं जमिनीवर, बायका पलंगावर आणि आम्ही पुरुष मंडळी गॅलरीत उभं राहून खिडकीच्या गजांतून बघायचो. चित्र काळंपांढरं आणि वारा आला की मुंग्या.

एक गोष्ट लोक विसरतात. विनोदी लेखक चिं. वि. जोश्यांचा चिमणराव प्रभावळकरांच्या आधीही पडद्यावर येऊन गेला होता. १९४०च्या 'लग्न पहावं करून'मध्ये आणि १९४२च्या 'सरकारी पाहुणे'मध्ये दामुअण्णा मालवणकरांनी तो केला होता, त्याचा जोडीदार गुंड्याभाऊ होते विष्णुपंत जोग. माझे वडील दामुअण्णांचे भक्त. त्यांच्या पिढीच्या डोक्यात चिमणराव म्हणजे दामुअण्णा, त्यांचे ते तिरपे डोळे, संपलं. त्यामुळे हा कोण नवीन मुलगा म्हणून आमच्या घरातले मोठे लोक जरा आखडूनच बघायला बसले. आणि या तिशीतल्या मुलाने दामुअण्णांची नक्कल मुळीच केली नाही. त्याने चिमणरावाला सभ्य केलं. भित्रा, पण सुशिक्षित, आपण भित्रे आहोत हे बायकोला कळू नये म्हणून धडपडणारा गृहस्थ. वडील काही बोलले नाहीत, पण पुढच्या वेळी खुर्ची घेऊन सगळ्यांत पुढे बसले होते.

आणि बाळ कर्वेंचं नाव घेतल्याशिवाय हे पूर्ण होणार नाही. त्यांचा गुंड्याभाऊ आडदांड, सोटा घेतलेला, त्याच्या शेजारी उभा राहिला की चिमणराव आपोआप आणखी बारीक दिसायचा. कर्वे २०२५च्या ऑगस्टमध्ये गेले. दोघांपैकी एकाचं काम आठवलं तरी दुसरा सोबत येतोच.

मृण्मयी_पार्ले

कट्टा, कानाबद्दल पटलं पण पूर्ण नाही पटलं. अंगानेही ते तेवढंच करतात. 'हसवाफसवी' दीनानाथ नाट्यगृहात बघितलं होतं, आईबाबांबरोबर, शाळेत होते तेव्हा. सहा भूमिका आहेत हे घरून निघतानाच सांगितलं होतं त्यामुळे मी प्रत्येक वेळी ओळखायचं ठरवून बसले होते. तरी ते कृष्णराव हेरंबकर, संगीत नाटकातले म्हातारे नट, शेवटी सत्काराला येतात ना, ते आले तेव्हा मला खरोखर वाटलं की कोणीतरी पाहुणे आणलेत. पन्नाशीच्या आसपासचा माणूस ऐंशीच्या पुढचा झाला होता आणि त्यात मला अजून डोळ्यांसमोर दिसते ती मान. बोलताना कंप मानेत सुरू व्हायचा, मग हनुवटीत यायचा, मग आवाजात. आणि मध्येच एखाद्या पदाची आठवण निघाली की ती मान क्षणभर ताठ व्हायची. म्हणजे शरीर म्हातारं झालंय, पण गाणं आठवलं की आतला तरुण नट उठून बसतो, आणि ओळ संपली की परत कंप. हे आवाजाने एकट्याने नाही होत.

थिएटरमध्ये लोक हसत होते आणि माझे बाबा डोळे पुसत होते. ते स्वतः संगीत नाटकांचे वेडे, त्यांनी असे म्हातारे नट खरेच बघितले होते.

विंगेतला

मी स्पर्धेच्या नाटकांत बॅकस्टेज केलंय, आता नोकरीमुळे सुटलं. 'हसवाफसवी'त मी नव्हतो, पण एका नटाने एका प्रयोगात अनेक भूमिका करणं म्हणजे काय असतं ते विंगेतून सांगतो, कारण प्रेक्षकांत बसून ते कळत नाही.

आधीच्या भूमिकेची एक्झिट झाली की स्टेजवर बाकीचे कलाकार जेवढा वेळ सीन धरून ठेवतील तेवढाच वेळ नटाला मिळतो. विंगेत एक टेबल, त्यावर पुढच्या भूमिकेचं सगळं क्रमाने मांडलेलं. एक जण कपडे उतरवतो, दुसरा चढवतो, बटणांच्या जागी हुक किंवा चिकटपट्टी, रंगभूषाकार तोवर स्पिरिटने मिशी सोडवून नवीन डिंकाने लावतोय आणि नट त्याच वेळी घोटभर पाणी पितोय. घाम तर एवढा असतो की डिंक धरत नाही. आणि हे सगळं चालू असताना नटाचा एक कान स्टेजवर, कारण क्यू चुकला तर सगळं कोसळलं.

आता मुद्दा. या गडबडीत मागच्या भूमिकेचा श्वास बरोबर येतो. आधीची भूमिका धावपळीची असेल तर छाती धपापत असते आणि पुढचा माणूस म्हणून तुम्हाला शांत बसून बोलायचं असतं. बहुतेक नट इथे पकडले जातात, कपडे नवीन आणि श्वास जुना. मी एका पोराबरोबर काम केलंय, चांगला नट होता, तीन भूमिका करायचा आणि तिन्ही माणसं एकसारखी धापा टाकायची. प्रभावळकर सहा करायचे. म्हणून मृण्मयी म्हणतायत ते बरोबर आणि कट्टा म्हणतायत तेही, आवाज आणि अंग दोन्हीच्या मुळाशी श्वास आहे.

लालबागचा_नाट्यवेडा

सगळं मान्य, पण एक वेगळं मत मांडतो, राग मानू नका. सहा भूमिका, दोन भूमिका, साडी नेसून सासू, हे सगळं बघायला मजा येते पण त्यात प्रेक्षक नटाची करामत बघायला बसतो, माणूस बघायला नाही. 'वासूची सासू'ला मी पोट धरधरून हसलो, त्या सासूचं पुढे काय झालं याची मला काडीची फिकीर नव्हती. मला त्यांचं मोठं काम वाटतं ते जिथे ते एकच माणूस आहेत आणि लपायला जागा नाही. जयवंत दळवींचं 'नातीगोती' घ्या. गतिमंद मुलाचा बाप. मुलगा अतुल परचुरे, आई स्वाती चिटणीस, आणि मोहन जोशी. तिथे विग नाही, गंमत नाही, ऑफिसातून दमून आलेला मध्यमवर्गीय बाप आहे ज्याला मुलावर माया पण आहे आणि तो नकोसाही झालाय. हे एकाच वेळी दाखवणं सहा भूमिकांपेक्षा अवघड आहे असं माझं ठाम मत.

परचुरे पण गेले २०२४ला. फार वाईट वाटलं होतं.

अनघा_मुलुंड

लालबाग, तुम्ही 'नातीगोती' काढलंत म्हणून लिहितेय, नाहीतर मी इथे नुसती वाचक असते.

माझा धाकटा मामा गतिमंद होता. आजी होती तोवर आजीने सांभाळला, नंतर आमच्याकडे होता. त्यामुळे 'चौकट राजा' आमच्या घरात सिनेमा म्हणून बघितलाच गेला नाही. टीव्हीवर लागला की आई उठून स्वयंपाकघरात जायची, आणि मामा मात्र नंदूला, म्हणजे प्रभावळकरांनी केलेल्या गतिमंद नायकाला, बघून खूश व्हायचा, टीव्हीला हात लावायला जायचा.

मोठी झाल्यावर मी तो नीट बघितला. अशी भूमिका करताना नट बहुतेक वेळा दोनपैकी एक करतात, एकतर लोकांना हसवतात नाहीतर रडवतात. नंदू स्वतः हसतो. त्याला स्वतःला मजा येत असते, झोक्यावर, बालमैत्रीण मीनल भेटल्यावर. आपल्याला हसू येतं ते त्याच्या आनंदाचं. आणि हात बघा त्यांचे. मामाचे हात तसेच असायचे, काही हवं असलं की बोटं आधी हलायची, शब्द मागून यायचे. हे कुठून तरी बघून, जवळ बसून घेतलेलं आहे, घरी आरशासमोर नाही येत हे.

मला दोन्ही कामं एकत्र ठेवून बघावीशी वाटतात. रंगमंचावर ते अशा मुलाचे बाप होते आणि पडद्यावर स्वतः तो मुलगा झाले. म्हणजे हे दुःख त्यांनी दोन्ही बाजूंनी उचललं. 'चौकट राजा'त नंदूच्या आईचं काम सुलभा देशपांडेंनी केलंय, ते तर मला अजूनही सलग बघवत नाही.

दारावर येणारे लोक मामाशी बोलताना उगाच मोठ्याने, लहान मुलाशी बोलल्यासारखे बोलायचे. सिनेमा लागून गेल्यावर आमच्या बिल्डिंगमधल्या काही पोरांनी त्याला नंदू म्हणायला सुरुवात केली, चिडवायला नाही, प्रेमाने, खेळायला बोलवायचे. आईने हे मला फार नंतर सांगितलं.

मृण्मयी_पार्ले

अनघा, लिहिलंत त्याबद्दल खरंच थँक्यू. 'चौकट राजा' परत बघणार आणि यावेळी हात बघणार.

परळ_रात्रपाळी

मी नव्वदच्या नंतरचा, माझ्यासाठी ते आधी तात्या विंचूच. लहानपणी रात्री बाथरूमला एकटा जायचो नाही त्याच्यामुळे. मोठं झाल्यावर लक्षात आलं की अख्ख्या 'झपाटलेला'मध्ये ते स्वतः दिसतात किती कमी, सुरुवातीलाच गोळी लागून माणूस मरतो आणि पुढे सगळा त्याचा आत्मा शिरलेला बाहुला. बाहुला केला रामदास पाध्यांनी, हलवला त्यांनी, आवाज मात्र प्रभावळकरांचा. म्हणजे अर्ध्याहून जास्त सिनेमाभर नट नुसत्या आवाजातून पोरांना घाबरवतोय, आणि समोर लक्ष्मीकांत बेर्डे लाकडी बाहुल्याला घाबरून दाखवतोय, तेही किती खरं. कट्टा, तुमच्या कानाच्या मुद्द्याला माझ्याकडून हे.

अजून एक गंमत. 'एक डाव भुताचा'त अशोक सराफ भूत आणि हे मास्तर. बावीस वर्षांनी 'पछाडलेला'त हे स्वतः इनामदार भुसनळ्यांचं भूत. दोन्ही लागोपाठ बघा एकदा.

शिवाजीपार्क_कट्टा (धागाकर्ता)

अनघा, तुमचा प्रतिसाद या धाग्यातला सगळ्यात मोलाचा आहे.

लालबाग, राग कसला. पण 'करामत बघायला बसतो' याला माझं उत्तर बापू. 'लगे रहो'त ते काय करतायत ते नीट बघा. तो मुन्ना वाचनालयात झोपेशिवाय गांधी वाचत बसतो आणि मग त्याला बापू दिसायला लागतात, इतर कोणालाच दिसत नाहीत. आणि शेवटाकडे कळतं की जे मुन्नाला माहीत नाही ते या बापूंनाही माहीत नाही, प्रश्न विचारला की गप्प. म्हणजे त्यांना इतिहासातले महात्मा गांधी उभे करायचेच नव्हते. एका भाईच्या डोक्यात पुस्तकं वाचून जे गांधी तयार झाले ते उभे करायचे होते. मुन्नाला हवे तसे मायाळू, त्याच्या टपोरी बोलण्यावर न चिडणारे, थोडे आजोबांसारखे. या भूमिकेत सगळा मेकअप आहे, टक्कल, चष्मा, पंचा, काठी, आणि तरीही आपण करामत बघत नाही. मी तरी थिएटरात त्यांना गांधी म्हणूनच बघितलं. आजूबाजूला सगळे विनोद करतायत, संजय दत्त, अर्शद वारसी, बोमन इराणी, आणि हा जन्मभर विनोद केलेला माणूस एकटा विनोद करत नाहीये, शांत बसलाय. किती मोह झाला असेल.

त्या वर्षीचा सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना 'लगे रहो' आणि मराठी 'शेवरी' अशा दोन्ही सिनेमांसाठी मिळाला. 'शेवरी' कोणी बघितलाय का इथे? त्यावर कोणी बोलतच नाही.

टिपरे_फॅन_बोरिवली

आयडीवरून कळलंच असेल कशावर लिहिणार ते.

टिपरे मी किती वेळा बघितलंय विचारू नका, जेवताना लावून ठेवते. त्यातलं सगळ्यात आवडतं म्हणजे आबा काहीच करत नाहीत. कोचावर बसलेत, पेपर हातात, शेखर आणि श्यामलाचं काहीतरी चाललंय, शिऱ्या आणि शलाकाचं वेगळंच काहीतरी, आणि आबा पेपरच्या वरून नुसते बघतात. कॅमेरा जवळ असतो म्हणून ती एक नजर पुरते. नाटकात ही नजर बाल्कनीतल्या शेवटच्या माणसापर्यंत पोचणार नाही, तिथे मान वळवावी लागेल, हुंकार द्यावा लागेल. हा हिशोब त्यांना बरोबर कळतो. किती तरी चांगले नाट्यकलावंत सिरियलमध्ये आले की ओरडतात, वाटतं अजून शिवाजी मंदिरच्या स्टेजवर उभे आहेत. आणि उलटंही होतं, सिरियलमधून नाटकात आलेली मुलं तिसऱ्या रांगेपुढे ऐकूच येत नाहीत, हल्ली कॉलर माइक लावतात म्हणून चालून जातं.

दुसरं म्हणजे ती मालिका आठवड्याची होती, रोजची नाही. 'अनुदिनी' लोकसत्तात सदर म्हणून आलेलं, तो सगळा मजकूर आधी वाचकांपुढे तपासला गेलेला, त्यावर केदार शिंदेंचं दिग्दर्शन. डायरी लिहिणारा म्हातारा हा साचाच असा छान की रोजच्या घरातल्या बारीकसारीक गोष्टींना कारण मिळतं. कोणाचा खून नाही, कोणाचं कारस्थान नाही, फोनचं बिल जास्त आलं एवढ्यावरही घर हलतं. रोज वीस-बावीस मिनिटं भरायची म्हटलं की हे टिकत नाही, मग सीन ताणले जातात, एकाच वाक्यावर चार जणांचे क्लोजअप येतात. २०१७ला 'चूकभूल द्यावी घ्यावी' आली, ते आणि निर्मिती सावंत, तीही वेळेत संपवली. त्यांनी डेली सोपच्या गाड्याला स्वतःला जुंपून घेतलं असतं तर पैसा मिळाला असता, पण आबा असे राहिले नसते.

रेडिओचं कोणीच बोललं नाही! बोक्या सातबंडे मुळात आकाशवाणीवर मुलांसाठी श्रुतिका म्हणून आला, पुस्तकं नंतर. ज्याने रेडिओसाठी लिहिलंय त्याला एका वाक्यात माणूस ओळखीचा करावाच लागतो, कारण दाखवायला काही नसतंच. बोक्याच्या गोष्टी मोठ्याने वाचा, कोण बोलतंय हे नाव न घेता कळतं. माझ्या मुलाला मी तशाच वाचून दाखवते.

परळ_रात्रपाळी

हे मला माहीतच नव्हतं, बोक्या मी पुस्तकातून वाचला होता, मग २००९चा सिनेमा. जबरी.

गिरगावचे_आजोबा

बालरंगभूमीचं राहून गेलं. 'अलबत्या गलबत्या' हल्लीच्या मुलांनी वैभव मांगल्यांच्या चेटकिणीसकट बघितलंय, माझ्या नातीलाही मी नेलं होतं. पण मतकरींच्या मूळ प्रयोगात चेटकीण प्रभावळकर होते. मुलांसमोर काम करणं ही कडक परीक्षा. मोठा प्रेक्षक कंटाळला तर शिष्टाचार म्हणून बसून राहतो, मुलं तिथल्या तिथे चुळबुळ करतात, आईला विचारतात 'संपलं का', खाऊच्या पिशवीचा आवाज सुरू होतो. आणि चेटकीण फार भयानक केलीत तर पुढच्या रांगेतली पोरं भोकाड पसरतात, फार गमतीची केलीत तर कोणी घाबरतच नाही. भीती आणि हसू किती प्रमाणात घालायचं हे ज्या नटाला बालप्रेक्षकांनी शिकवलं त्याच्यासाठी पुढे तात्या विंचू अवघड गेला नसावा.

लालबागचा_नाट्यवेडा

कट्टा, बापूंचं मान्य, तो मुद्दा चांगला पकडलात. तरी रंगभूमीपुरतं माझं मत तेच.

एक खंत मात्र बोलायची आहे. आपल्याकडे एवढी नाटकं झाली आणि त्यांतल्या किती तरी चांगल्या प्रयोगांचं धड चित्रीकरण नाही. पूर्वी एका चॅनलने नाटकं शूट केली होती ती बघवत नाहीत, रिकाम्या थिएटरात शूट केल्यासारखी, प्रेक्षकांचा हशा नाही, कॅमेरा नेमका दुसऱ्याच माणसावर. विनोदी नाटकातून हशा काढला तर उरतं काय, नट हशासाठी थांबतो आणि तिथे शांतता. मूळ संचातलं 'नातीगोती' ज्यांनी बघितलं त्यांच्या आठवणीतच आहे. हसवाफसवीचं नशीब चांगलं, पुष्कर श्रोत्रीने ते पुन्हा केलं, आणि नुसती नक्कल न करता केलं. ती संहिता दुसऱ्या नटाच्या हातात उभी राहते याचा अर्थ लेखनही पक्कं आहे. हे मी माझ्याच आधीच्या मताच्या विरुद्ध लिहितोय हे माहितीये, पण खरं आहे ते आहे.

विंगेतला

हशाचं १००% बरोबर. लाफ्टर कधी तोडायचा हे तालमीत शिकवता येत नाही. हशा वर चढतो, टेकडीवर पोचतो आणि उतरायला लागला की त्या उतारावर पुढचं वाक्य टाकायचं. आधी टाकलं तर ऐकू जात नाही, पूर्ण उतरू दिला तर प्रयोग थंड पडतो. आणि शनिवार रात्रीचा शिवाजी मंदिरचा हशा आणि रविवार दुपारचा गडकरीचा हशा वेगळा असतो, त्यामुळे रोज नवीन अंदाज. टीव्हीवर हे काहीच नसतं, समोर कॅमेरा आणि चार कंटाळलेले लाइटवाले. तिथे नटाला डोक्यातल्या डोक्यात प्रेक्षक बसवावे लागतात. टिपरेमध्ये ते जे किंचित थांबतात ना वाक्याआधी, तो मला नाटकातून आलेला थांबा वाटतो, फक्त अगदी आखूड केलेला.

मृण्मयी_पार्ले

मी काल रात्री बसून परत विचार करत होते (धाग्याने झोप घालवली). कृष्णराव हेरंबकर हे संगीत नाटकातले म्हातारे नट. बाबुली मेस्त्री हे दशावतारातले म्हातारे कलावंत. दोन्ही वेळा प्रभावळकर म्हातारा नटच करतायत. पण पहिल्यांदा केला तेव्हा म्हातारपण बाहेरून आणावं लागलं, कंप, दात, वाकलेली पाठ, सगळं. 'दशावतार'च्या वेळी म्हातारपण त्यांच्याकडे होतंच, उलट ते बाजूला ठेवून बाबुलीची रूपं, ती ताकद, तो आवेश आणावा लागला. चेहऱ्यावर रंग लागला की बाबुली सरळ होतो. हेरंबकरांची मान पद आठवल्यावर ताठ व्हायची तेच हे, पण एवढ्या वर्षांनी उलट्या बाजूने आलेलं. मला हे सुचल्यापासून दोन्ही भूमिका एकच मोठी भूमिका वाटायला लागल्यात.

आणि भाषा! मधे २०१३चा 'नारबाची वाडी'पण आहे. नारबाही कोकणातलाच म्हातारा, पण तो हट्टी, तिरकस, बोलता बोलता समोरच्याला टोचणारा. बाबुली बोलतो तेव्हा त्यात आर्जव आहे. दोघेही कोकणातले, दोघेही म्हातारे, तरी एकाचं वाक्य दुसऱ्याच्या तोंडी घालता येणार नाही.

अनघा_मुलुंड

मृण्मयी, हे फार सुंदर पकडलंत. मी 'दशावतार' मुलुंडला बघितला, माझ्या शेजारी एक सिंधुदुर्गातले काका होते, दशावतारातल्या संकासुराची ओळख पटल्यावर स्वतःशीच मान हलवत होते.

परळ_रात्रपाळी

'आरण्यक'बद्दल कोणी लिहा ना. माझ्या मित्राने बघितलंय, तो म्हणतो बघायलाच हवं होतं.

गिरगावचे_आजोबा

मी लिहितो. मतकरींचंच नाटक, महाभारत युद्धानंतर म्हातारे झालेले धृतराष्ट्र, गांधारी, कुंती, विदुर वनात निघून जातात तिथलं. सत्तरच्या दशकात आलं तेव्हा रवी पटवर्धन धृतराष्ट्र आणि प्रभावळकर विदुर. चाळीसहून जास्त वर्षांनी ते पुन्हा रंगमंचावर आलं तेव्हाही तेच दोघे त्याच भूमिकांत, गांधारी प्रतिभा मतकरी. मी दोन्ही बघितली. पहिल्या वेळी विदुर शहाणपण सांगणारा वाटला होता. दुसऱ्या वेळी तोच विदुर मला थकलेला वाटला, सांगून सांगून कोणी ऐकलं नाही असा. वाक्यं बहुधा तीच असतील. त्यात विनोदाचा लवलेश नाही, मेकअप बेताचा, आणि प्रभावळकर पूर्ण वेळ हळू बोलतात तरी यशवंत नाट्यगृहात मागच्या रांगेत शब्द न् शब्द पोचत होता, माझ्यासारख्या एका कानाने कमी ऐकू येणाऱ्यालासुद्धा.

पटवर्धन आणि मतकरी दोघेही २०२०ला गेले. त्यामुळे तो संच पुन्हा नाही. परळ, तुमच्या मित्राला सांगा नशीबवान आहे.

शिवाजीपार्क_कट्टा (धागाकर्ता)

आजोबा, दोन्ही प्रयोग बघितलेला माणूस इथे भेटला हेच मोठं आहे, पहिल्या प्रयोगाचं अजून काही आठवत असेल तर जरूर लिहा, नेपथ्य कसं होतं, थिएटर कुठलं, काहीही.

'शेवरी'चा प्रश्न अजून तसाच आहे बरं का. गजेंद्र अहिरेंचा सिनेमा, नीना कुळकर्णी. कोणी बघितला असेल तर त्यातल्या प्रभावळकरांच्या कामावर वेगळा प्रतिसाद टाका, मी धागा वर ठेवतो.